अण्णासाहेब कर्वे : एका लाजाळू माणसाचे चरित्र

वर्धापनदिनाच्या स्मरणिकेसाठी एखाद्या थोर व्यक्तीचे चरित्र मी लिहावे असे ठरले, तेव्हा महर्षी धोंडो केशव कर्वे माझ्या डोळ्यांसमोर उभे राहिले. त्यास कारणही तसेच घडले. चिटणीसपदासाठी आमच्या वाडीतील एका सुनेचे नाव निघाले असता, ती घुमी आहे, चारचौघींत तोंड उघडत नाही, तिच्याने हे काम निभायचे नाही, असे मीच बोलून गेले. ती तेथेच चहाचे कप भरीत होती. तिने मान वर केली नाही. घरी आल्यावर माझेच बोलणे मला टोचू लागले.

स्वभावावरून माणसांची प्रतवारी करण्याची हौस जुनी आहे. आयुर्वेदाने वात, पित्त, कफ अशा प्रकृती सांगितल्या. गीतेत सात्त्विक, राजस, तामस असे भेद आहेत. स्वित्झर्लंडचे मानसशास्त्रज्ञ कार्ल युंग यांनी १९२१ साली अंतर्मुख आणि बहिर्मुख अशी विभागणी मांडली. हल्ली मुले मोबाइलवर चार प्रश्नांची उत्तरे देऊन आपला स्वभाव ठरवून घेतात. यात काहीच तथ्य नाही असे नव्हे. परंतु स्वभाव कळला म्हणजे माणसाची कुवत कळली काय?

अण्णासाहेब आपल्याच जिल्ह्याचे. धोपाव्याहून दाभोळची खाडी ओलांडली की दापोली तालुका लागतो. त्यातील समुद्रकाठचे मुरूड हे त्यांचे गाव. जन्म १८ एप्रिल १८५८ रोजी खेड तालुक्यातील शेरवली येथे झाला. घरची गरिबी आणि स्वभाव कमालीचा बुजरा. हा बुजरेपणा त्यांनी स्वतःच आपल्या आत्मवृत्तात मोकळेपणाने कबूल केला आहे. १८७५ साली परीक्षेसाठी हा मुलगा कुंभार्ली घाट चढून, शंभर मैलांहून अधिक वाट तुडवीत साताऱ्यास गेला. तेथे, हा सतरा वर्षांचा दिसत नाही, म्हणून त्यास परीक्षेस बसू दिले नाही. एखादा बोलका मुलगा भांडला असता. हे मुकाट्याने परत आले. पण शिकणे सोडले नाही. १८८४ साली मुंबईत ते बी. ए. झाले आणि १८९१ साली पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात गणिताचे प्राध्यापक म्हणून रुजू झाले.

त्याच वर्षी पहिल्या पत्नी राधाबाई वारल्या. पुन्हा लग्न करायचे तर विधवेशीच, असा त्यांनी निश्चय केला आणि १८९३ साली पंडिता रमाबाईंच्या शारदा सदनातील गोदूबाईंशी विवाह केला. याच आपल्या बाया कर्वे. मुरूडकरांनी त्यांच्यावर बहिष्कार घातला. घरच्यांनी थारा दिल्यास त्यांनाही वाळीत टाकण्याचे ठरले. अण्णासाहेबांनी कोणाशी वाद घातला नाही आणि पाऊलही मागे घेतले नाही. लाजाळू माणूस भित्रा असतो, ही आपली समजूत येथेच खोटी ठरते.

१८९६ साली त्यांनी अनाथ बालिकाश्रम काढला. १९०० साली तो पुण्याबाहेर हिंगण्यास नेला. दिवसभर कॉलेजात शिकवून ते संध्याकाळी चालत तेथे जात. ज्या माणसाला चार माणसांत बोलणे जड जाई, तोच आता दारोदार वर्गणी मागू लागला. आपल्यासाठी मागणे त्यांना जमले नसते, मुलींसाठी जमले. १९१६ साली, वयाच्या एकोणसाठाव्या वर्षी, त्यांनी महिला विद्यापीठ स्थापन केले. १९२० साली सर विठ्ठलदास ठाकरसी यांनी त्यास पंधरा लाखांची देणगी दिली आणि ते त्यांच्या मातोश्रींच्या नावाने ओळखले जाऊ लागले. १९५८ साली अण्णासाहेबांना भारतरत्न मिळाले. ९ नोव्हेंबर १९६२ रोजी, वयाच्या एकशे पाचव्या वर्षी, ते निवर्तले.

मात्र अबोल स्वभावाची झळ घरच्यांना लागते, हेही लपवू नये. मिळकत आश्रमाकडे जाई आणि संसाराची ओढाताण बायांच्या वाट्यास येई. पुनर्विवाहित म्हणून त्यांना आश्रमापासूनही दूर राहावे लागले. बाया स्पष्टवक्त्या. आपले दुःख त्यांनी आपल्या आत्मचरित्रात रोखठोक लिहिले आणि आश्रमासाठी वर्गणीही गोळा केली. त्यांच्या धाकट्या भगिनी पार्वतीबाई आठवले यांची तर तऱ्हाच निराळी. अकाली वैधव्य आलेल्या या बाई आश्रमात आल्या, निधीसाठी गावोगाव हिंडल्या आणि १९१८ साली इंग्रजी शिकण्याकरिता थेट अमेरिकेस गेल्या. एक अबोल, एक सडेतोड, एक धाडसी. पण कार्य एकच. एकीच्या मापाने दुसऱ्यास मोजले असते, तर तिघांतील कोणीतरी दाराबाहेरच राहिले असते.

भगिनींनो, माणूस कोणत्या चालीने चालेल, एवढे स्वभावावरून सांगता येते. तो कोठवर जाईल, हे सांगता येत नाही.

परवा मी त्या सुनेच्या घरी गेले आणि माझी चूक कबूल केली. चिटणीस व्हाल का, असे तिलाच विचारले. आजवर तिला कोणी विचारलेच नव्हते. ती नुसती हसली. दोन दिवसांनी माझ्या पडवीत येऊन उभी राहिली आणि गेल्या वर्षाची इतिवृत्ताची वही मागून घेऊन गेली. हे सारे तिच्या संमतीने लिहिले आहे. येत्या सभेत तिचे नाव मी सुचविणार आहे; अनुमोदन आपण द्यावे.