साने गुरुजींचा नागरिकशास्त्राचा तास

नागरिकशास्त्र म्हणजे इतिहासाच्या शेपटाला बांधलेला थोड्या मार्कांचा विषय, अशी आपल्याकडे समजूत. साने गुरुजींनी मात्र तो पुस्तकाविनाच शिकवला.

२४ डिसेंबर १८९९ ला कोकणात, पालगडला त्यांचा जन्म. घरची गरिबी. एम.ए. होऊन १९२४ साली ते अमळनेरच्या प्रताप हायस्कुलात मास्तर झाले. वसतिगृहही त्यांच्याकडेच आलं. पोरांच्या खोल्यांत पसारा दिसला तर गुरुजी रागवत नसत, स्वतःच झाडू घेत, अंथरुणं घड्या करून ठेवत. पोरं शरमली आणि आपलं काम आपण करू लागली. छडी न लागता! रात्री जागून ते हातानं 'छात्रालय' दैनिक लिहीत. त्यात थोरांची चरित्रं, इतिहास, देशात काय चाललंय ते सारं असे. खेड्यातल्या पोराला देशाची खबर अशी मिळे.

पण जे शिकवलं ते स्वतः करायला नको? १९३० साली नोकरी सोडून ते सत्याग्रहात उतरले, तुरुंगात गेले. १९३८ ला पूर्व खानदेशात अतिवृष्टीनं पिकं गेली, तेव्हा शेतसारा माफ व्हावा म्हणून गावोगाव सभा घेत, मिरवणुका काढत फिरले. सरकारकडं मागणं मागायचं कसं, हे शेतकऱ्यांना त्यातून उमगलं.

मे १९४७ मध्ये पंढरपूरला ते उपोषणाला बसले. विठ्ठलाचं दार दलितांना उघडलं, तेव्हाच त्यांनी अन्न घेतलं.