कुरुंदवाडचे विष्णुबुवा आणि लाहोरची गाणं शिकवणारी शाळा

बेळगाव असो, पणजी असो, इंदूर किंवा वडोदरा. मराठी घरातलं पोर पेटी नाहीतर तबला शिकायला लागलं की वर्ष-दोन वर्षांत एक प्रश्न ठरलेला असतो : यंदा कुठल्या परीक्षेला बसलास? प्रारंभिक, प्रवेशिका, मध्यमा, विशारद, अलंकार. ही नावं आता इतकी अंगवळणी पडली आहेत की गाण्याची शाळा, पुस्तक, वर्ग, परीक्षा हे सगळं पूर्वापार चालत आलं असावं असंच वाटतं. पण सव्वाशे वर्षांपूर्वी गाणं असं शिकता येत नव्हतं. ते तसं शिकता यावं म्हणून ज्यांनी घरदार पणाला लावलं, ते पंडित विष्णु दिगंबर पलुस्कर आपल्याच सीमाभागातले, कृष्णा-पंचगंगेच्या काठावरच्या कुरुंदवाडचे.

फटाका फुटला आणि वाट बदलली

विष्णुबुवांचा जन्म 18 ऑगस्ट 1872 चा. कुरुंदवाड तेव्हा पटवर्धनांचं छोटं संस्थान होतं. घराण्याचं मूळ आडनाव गाडगीळ. पलूस गावावरून पलुस्कर झालं. वडील दिगंबरपंत कीर्तनकार. त्यामुळे अभंग, पदं, झांजा-मृदंग हे मुलाच्या कानावर पाळण्यापासूनच होतं.

मुलानं शिकावं, इंग्रजी शाळेत जावं असा साधा सरळ बेत होता. पण लहानपणीच एका दत्तजयंतीला फटाका चेहऱ्याजवळ फुटला आणि डोळ्यांना जबर इजा झाली. मिरजेला उपचार झाले, दृष्टी काही पूर्ण परत आली नाही. पुस्तकं वाचून करायचं शिक्षण संपलं. आता या मुलाचं पुढे काय, या काळजीतून गाण्याचा मार्ग निघाला. मिरजेच्या अधिपतींनी आश्रय दिला आणि विष्णूला पंडित बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांच्या हाती सोपवलं.

बाळकृष्णबुवा म्हणजे ग्वाल्हेरची गायकी महाराष्ट्रात आणणारे गवई. गाण्यासाठी त्यांनी स्वतः धार, ग्वाल्हेर अशी वणवण केली होती. हाल सोसून मिळवलेली विद्या ते शिष्यांना देत, पण पद्धत जुनीच. गुरूच्या घरी राहायचं, पडेल ते काम करायचं, गुरू गातील तेव्हा ऐकायचं आणि कानात साठवायचं. वही नाही, पुस्तक नाही. आज कुठला राग, उद्या कुठली चीज, हे गुरूच्या मनावर. विष्णू सुमारे नऊ वर्षं असे शिकले. गळा तयार झाला, आवाजात दम आला. संस्थानात नाव होऊ लागलं.

एक आमंत्रण न आलेलं

मिरजेत असतानाचा एक प्रसंग त्यांच्या चरित्रांतून नेहमी सांगितला जातो. गावात एक समारंभ होता. दरबारच्या आश्रयाला असल्यामुळे विष्णुबुवांना बोलावणं आलं, पण बाळकृष्णबुवांना नाही. कारण विचारलं तर कळलं की ते गवई, त्यांना कशाला बोलवायचं? ज्या माणसाच्या गाण्यावर दरबार डोलतो, त्याला पंगतीत जागा नाही, हे तरुण शिष्याला झोंबलं.

प्रसंग जसाच्या तसा घडला असो वा नसो, त्यामागचं वास्तव खरं होतं. गाणं सगळ्यांना आवडे, पण गाणारा माणूस प्रतिष्ठित समजला जात नसे. सभ्य घरातल्या मुलानं, त्याहून मुलीनं, गाणं शिकणं म्हणजे नाव घालवणं. गवयाचं पोट राजाच्या मर्जीवर चाले. 1896 मध्ये विष्णुबुवांनी मिरज सोडली. दरबारी नोकरीची ऊब सोडून अनोळखी मुलखात जायचं, हा त्या काळच्या गवयाच्या दृष्टीनं वेडेपणाच होता.

मग बडोदा, काठेवाड, ग्वाल्हेर, मथुरा, दिल्ली आणि तिथून पंजाब. राजकोटला त्यांनी तिकीट लावून जाहीर मैफल केली. ही गोष्ट आज किरकोळ वाटेल. पण तिकीट काढून आलेला श्रोता हा राजाचा पाहुणा नसतो. त्यानं पैसे मोजलेले असतात आणि गवई त्याच्यापुढे कुणाचा आश्रित म्हणून बसत नाही. विष्णुबुवा मैफल ठरल्या वेळी सुरू करत, सभेत शिस्त पाळायला लावत. गाण्याला मान मिळवायचा तर तो असा सभागृहापासून सुरू करावा लागतो, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं.

5 मे 1901, लाहोर

शाळा निघाली ती पुण्यात नाही, मुंबईतही नाही, थेट लाहोरला. 5 मे 1901 रोजी तिथे गांधर्व महाविद्यालय सुरू झालं. मराठी माणूस, भाषा परकी, हाताशी पैसा नाही आणि शिकवायचं काय तर गाणं. सुरुवातीला विद्यार्थीच फिरकेनात. तरी बुवा रोज ठरल्या वेळी येऊन तंबोरा लावून बसत, असं सांगतात.

ही देशातली पहिलीच संगीतशाळा होती असं मात्र नव्हे. पुण्यात 1874 मध्ये गायन समाज निघाला होता. बडोद्यात सयाजीराव महाराजांच्या आश्रयानं मौलाबक्षांनी 1886 मध्ये गायनशाळा काढली होती. वर्गात गाणं शिकवायचं, स्वर कागदावर लिहायचे, हे प्रयोग तिथे झाले होते. लाहोरच्या शाळेचं वेगळेपण असं की तिच्यामागे कुठलाही राजा नव्हता. लोकांच्या देणग्या, विद्यार्थ्यांची फी आणि बुवांच्या मैफली यांवर ती चालायची.

शिकवण्याची पद्धत त्यांनी मुळापासून नव्यानं बसवली. अभ्यासक्रम वर्षावार आखला. ‘संगीत बालप्रकाश’, ‘राग प्रवेश’ यांसारखी पुस्तकं लिहिली आणि ती स्वतःच्या छापखान्यात छापली. ‘संगीतामृत प्रवाह’ नावाचं मासिक काढलं. स्वरलिपी तयार केली. त्यांच्या लिपीत मंद्र सप्तकाच्या स्वरावर टिंब येतं, तार सप्तकाच्या स्वरावर उभी रेघ, आणि स्वर किती मात्रांचा हे त्याच्याखालच्या खुणेवरून कळतं. पुढे पंडित भातखंड्यांची सोपी लिपी जास्त पसरली. तिच्यात टिंब मंद्राला खाली आणि तारला वर. दोन्ही पद्धतींची पुस्तकं एकदम हाती आली की नवख्या विद्यार्थ्याचा गोंधळ होतो तो यामुळेच.

सगळ्यात महत्त्वाचा होता उपदेशक वर्ग. निवडक मुलांना शाळेतच ठेवायचं, जेवणखाण, राहणं, शिक्षण सगळं फुकट; त्या बदल्यात मुलांनी नऊ वर्षं राहण्याचा करार करायचा आणि शिकता शिकता इतरांना शिकवायचंही. म्हणजे जुनी गुरुकुलाची रीत बुवांनी मोडली नाही. सर्वसाधारण विद्यार्थ्याला वर्ग आणि पुस्तक, पण शिक्षक घडवायचा तर त्याला गुरूचा सहवासच हवा, अशी ती दुहेरी रचना होती. बायकांसाठी वेगळे वर्ग होते. पांढरपेशा घरातल्या मुली तंबोरा घेऊन बसू लागल्या, त्यात या वर्गांचा वाटा मोठा आहे.

गवई घडतात की श्रोते?

जुने गवई हसत. घराण्याची विद्या फळ्यावर लिहून येते होय? पाच-पन्नास मुलं एकदम बसवून कधी गवई तयार झालाय? टीका अगदीच चुकीची नव्हती. मींड, आंदोलन, श्रुतीचा नेमका कस कागदावर उतरत नाही. तो समोर बसूनच घ्यावा लागतो.

पण विष्णुबुवांचा हिशेब वेगळा होता. शाळेतून निघालेला प्रत्येकजण तानसेन होणार नाही, हे त्यांना कळत होतं. पण त्याला राग ओळखता आला, तो घरी भजन नीट सुरात म्हणू लागला, मुलीला शिकवायला तयार झाला, तरी समाजात गाण्याला घर मिळतं. राजे जाणार होते. त्यांच्या जागी गाणं कोण ऐकणार, त्यासाठी पैसे कोण देणार, याचं उत्तर त्यांनी शाळेत शोधलं.

भातखंड्यांशी त्यांचं या बाबतीत जमलं नाही. 1916 ची बडोद्याची संगीत परिषद, ग्वाल्हेरचं माधव संगीत विद्यालय, लखनौचं मॅरिस कॉलेज ही भातखंड्यांची कामं. त्यांचा भर रागांच्या शास्त्रावर, चिजा गोळा करून त्या नीट मांडण्यावर. विष्णुबुवांचा भर गळ्यावर आणि भक्तीवर. चिजांतले शृंगारिक शब्द काढून तिथे भक्तीचे शब्द घालण्याचं कामही त्यांनी केलं. त्यामुळे गाणं घराघरांत गेलं हे खरं. आणि ज्या मुसलमान उस्तादांनी व गाणाऱ्या बायकांनी ही विद्या पिढ्यान्‌पिढ्या सांभाळली, त्यांना या नव्या सोवळ्या शाळेत फारशी जागा उरली नाही, हेही अभ्यासकांनी दाखवून दिलं आहे. दोन्ही गोष्टी एकाच माणसाच्या खात्यावर मांडाव्या लागतात.

इमारत गेली, शिष्य राहिले

1908 मध्ये शाळेची मुंबई शाखा निघाली आणि बुवा तिकडेच राहू लागले. काम वाढलं तसं मोठं स्वप्न पडलं : शाळेची स्वतःची इमारत. कर्ज काढून ती सँडहर्स्ट रोडला उभी राहिली. हप्ते फेडायला बुवा गावोगाव मैफली करत, रामकथा सांगत फिरले. पण कर्ज काही फिटलं नाही. 1924 च्या सुमारास इमारतीचा लिलाव झाला. आयुष्यभर दारोदार फिरून उभं केलेलं डोळ्यांदेखत गेलं.

घरातही दुःखच होतं. बारा मुलं झाली, त्यांतली अकरा लहानपणीच गेली. 1921 मध्ये कुरुंदवाडला जन्मलेला दत्तात्रय तेवढा वाचला. बुवांचं मन रामनामाकडे वळलं. अंगावर संन्याशाची वस्त्रं आली, नाशिकला आश्रम काढला.

गाणं मात्र सुटलं नाही. काँग्रेसच्या अधिवेशनांत ते वंदे मातरम् गात. 1923 च्या काकीनाडा अधिवेशनात अध्यक्ष मौलाना महंमद अली यांनी हरकत घेतली, तरी बुवांनी ते पूर्ण म्हटलं. रामधुनीची चाल त्यांनीच लोकप्रिय केली. त्यांचे शिष्य नारायण मोरेश्वर खरे साबरमती आश्रमात गांधीजींच्या प्रार्थनेचं संगीत सांभाळत आणि 1930 च्या दांडीयात्रेत ते चालत गेले.

21 ऑगस्ट 1931 रोजी मिरजेत विष्णुबुवांचं निधन झालं. वय 59. जिथून दरबार सोडून निघाले, तिथेच शेवट झाला. दत्तात्रय तेव्हा जेमतेम दहा वर्षांचा होता. तोच पुढे पंडित द. वि. पलुस्कर म्हणून गाजला आणि 1955 मध्ये ऐन उमेदीत गेला.

पण इमारतीच्या लिलावात उपदेशक वर्ग विकला गेला नव्हता. विनायकराव पटवर्धनांनी 1932 मध्ये पुण्यात विद्यालय काढलं. ओंकारनाथ ठाकुरांनी बनारस हिंदू विद्यापीठातलं संगीत महाविद्यालय उभं केलं. बी. आर. देवधरांनी मुंबईत शाळा चालवली, नारायणराव व्यास मैफली आणि रेकॉर्डमधून घराघरांत पोचले. यांपैकी पटवर्धन आणि देवधर मिरजेचे, व्यास कोल्हापूरचे. म्हणजे मंडळी पुन्हा याच टापूतली. शिष्यांनी मिळून 1931 मध्ये गांधर्व महाविद्यालय मंडळ स्थापलं. गावोगावच्या केंद्रांवर मुलं देतात त्या परीक्षा याच मंडळाच्या.

परीक्षेचं प्रमाणपत्र मिळालं म्हणजे गाणं आलं, असं आज अनेक घरांत समजलं जातं. विष्णुबुवांची रचना तशी नव्हती. त्यांनी परीक्षा ठेवली ती सगळ्यांसाठी, आणि तिच्या पलीकडे नऊ वर्षांचा रियाझ ठेवला तो मोजक्यांसाठी. त्यातला पहिला भाग महाराष्ट्रात आणि महाराष्ट्राबाहेरही मराठी माणसांनी नीट सांभाळला आहे. दुसऱ्या भागासाठी मुलाला तेवढा वेळ द्यायचा की नाही, हे ज्याच्या त्याच्या घरी ठरायचं आहे.