डीएलएल फाइल मिसिंग? मग ग्रेस हॉपरबाईंची गोष्ट वाचाच

कॉलेजात असताना मित्राच्या लॅपटॉपवर एक गेम टाकला. उघडायला गेलो तर एरर: अमुक डीएलएल फाइल सापडत नाही. कुठल्याशा साइटवरून ती फाइल उतरवून फोल्डरमध्ये टाकली आणि गेम चालू केला. (तुम्ही असं करू नका, त्यातून व्हायरस येतात.) पण गेम स्वतःच्या फाइली सोडून बाहेरची फाइल का मागतोय, हा प्रश्न तेव्हा पडलाच नाही.

डीएलएल म्हणजे तयार कोडची सामायिक फाइल. स्क्रीनवर खिडकी काढणं, फोटो दाखवणं, अक्षरं उमटवणं हे प्रत्येक प्रोग्रामने पहिल्यापासून कशाला लिहायचं? एकाने नीट लिहायचं, बाकीच्यांनी वापरायचं. तुमच्या अँड्रॉइड फोनमध्येही अशा फाइली असतात, फक्त त्यांच्या नावाच्या शेवटी 'एसओ' असतं. क, हलन्त आणि ष एकापाठोपाठ आले की 'क्ष' दाखवायचा, हे अँड्रॉइडमध्ये हार्फबझ नावाची लायब्ररी बघते. ती नसती तर मराठी वाचताना पाय मोडलेली अक्षरं दिसली असती.

'तयार तुकडे मशीननेच शोधून जोडावेत' ही कल्पना ज्यांनी हट्टाने चालवून दाखवली, त्या ग्रेस हॉपर.

जन्म 9 डिसेंबर 1906, न्यूयॉर्क. सात वर्षांच्या असताना त्यांनी घरातली सात गजराची घड्याळं एकामागून एक खोलली, मग आईने एकाच घड्याळाची परवानगी ठेवली. 1934 मध्ये येल विद्यापीठातून गणितात पीएचडी, आणि वासर कॉलेजात शिकवण्याची नोकरी. सगळं सरळ चाललं होतं. पण दुसरं महायुद्ध पेटलं आणि बाईंना नौदलात जायचं होतं. वय जास्त, वजन ठरलेल्या मर्यादेपेक्षा साधारण सात किलो कमी. खास सवलत मिळवून 1943 च्या शेवटी त्या भरती झाल्याच.

1944 मध्ये नेमणूक झाली हार्वर्डला, मार्क वन या मशीनवर. सुमारे 15 मीटर लांबीचं धूड ते, कागदी पट्टीवर भोकं पाडून त्याला सूचना द्यायच्या. तिथे त्या आणि त्यांचे सहकारी वह्यांमध्ये कोडचे तयार तुकडे लिहून ठेवत आणि गरज पडली की एकमेकांच्या वहीतून उतरवून घेत. आजच्या भाषेत कॉपी-पेस्ट, पण हाताने. उतरवताना आकडे चुकायचे, पत्ते बदलताना बेरीज चुकायची. बाईंच्या लक्षात आलं की माणसं हे काम वाईट करतात आणि मशीन तर नेमकं यातच पटाईत आहे.

(मार्क टूमध्ये सापडलेल्या पतंगाचा आणि 'बग' शब्दाचा किस्सा तुम्ही ऐकला असेल. 1947 मध्ये पतंग खरंच सापडला होता, पण तो शब्द इंजिनिअर लोक कितीतरी आधीपासून वापरत होते.)

1949 मध्ये हार्वर्ड सुटलं. त्याआधीच घटस्फोट झालेला, आणि या काळात दारूचाही त्रास होता. त्यांनी पकडली ती फिलाडेल्फियातली पैशांची ओढाताण असलेली एक छोटी कंपनी, एकर्ट-मॉचली. तिथे युनिव्हॅक बनत होता.

त्यावर 1952 पर्यंत त्यांनी ए-झीरो तयार केला. तुकडे टेपवर साठवायचे, प्रत्येकाला एक क्रमांक. प्रोग्रामरने फक्त क्रमांक आणि माहिती द्यायची. मशीन टेपवरून तुकडे शोधणार, पत्ते जुळवणार, अख्खा प्रोग्राम जोडून देणार. त्या याला कंपायलर म्हणत, आज आपण लिंकर म्हणू. खरं सांगायचं तर लायब्ररीची कल्पना एकट्या त्यांची नाही. केंब्रिजमध्ये एडसॅकवर अशी लायब्ररी आधीच होती. आणि ए-झीरो प्रत्येक प्रोग्राममध्ये तुकड्याची वेगळी प्रत घालायचा. मेमरीत एकच प्रत ठेवून ती सगळ्यांनी वापरायची, ही डीएलएलची युक्ती बरीच नंतरची. पण शोधून जोडायचं काम माणसाकडून मशीनकडे गेलं, ते इथे.

लोकांनी काय म्हणावं? कॉम्प्युटर फक्त आकडेमोड करतो, प्रोग्राम लिहीत नाही! चालणारी वस्तू समोर असूनही कोणी वापरेना.

बाई पुढच्या वेडात होत्या: सूचना साध्या इंग्रजी शब्दांत द्यायच्या. दाखवायला नमुना केला, आणि तोच प्रोग्राम फ्रेंच आणि जर्मन शब्दांतही चालवून दाखवला. मशीनला शब्द म्हणजे नुसत्या खुणा, भाषा कुठलीही असो. साहेब लोक उलट बिथरले: अमेरिकन मशीनला फ्रेंच कसं कळेल! शेवटी फक्त इंग्रजीचं कबूल करून काम पुढे न्यावं लागलं. मला त्यांच्या आयुष्यातला हा प्रसंग सगळ्यात आवडतो, आणि सगळ्यात जास्त रागही याचाच येतो.

त्यातून फ्लो-मॅटिक आली आणि तिच्या आधारावर 1959 पासून कोबोल घडली. माझ्या पहिल्या नोकरीत मला कोबोलचा माझ्या वयापेक्षा जुना कोड दुरुस्त करायला दिला होता. तेव्हा मनात बरंच काही बोललो, ते इथे लिहीत नाही.

नौदलाने त्यांना 1966 मध्ये निवृत्त केलं आणि पुढच्याच वर्षी परत बोलावलं. 1986 मध्ये रिअर ॲडमिरल म्हणून त्या कायमच्या निवृत्त झाल्या, तेव्हा वय 79. भाषणांत त्या श्रोत्यांना सुमारे 30 सेंटिमीटर लांबीची तार वाटत: एका नॅनोसेकंदात प्रकाश एवढंच अंतर जातो.

1 जानेवारी 1992 ला त्या गेल्या. त्याच्या जेमतेम तीन महिने आधी, ऑक्टोबर 1991 मध्ये, युनिकोडची पहिली आवृत्ती आली होती. तिच्यात देवनागरी होती.