लुडविक झामेनहोफ
लुडविक लेझर झामेनहोफ (१५ डिसेंबर १८५९ – १४ एप्रिल १९१७) हे ज्यू नेत्रतज्ज्ञ व एस्पेरांतो या कृत्रिम भाषेचे निर्माते होते. रशियन साम्राज्यातील ब्यावस्तोक (आता पोलंडमध्ये) या जन्मगावी विविध भाषक समाजांतील वैर पाहून त्यांनी सर्वांसाठी समान भाषा रचली. १८८७ साली 'डॉक्टर एस्पेरांतो' या टोपणनावाने त्यांनी तिचे पहिले पुस्तक प्रसिद्ध केले.

या भाषेत क्रियापद पुरुष वा वचनानुसार बदलत नाही. '-इस', '-आस' व '-ओस' हे प्रत्यय अनुक्रमे भूत, वर्तमान व भविष्यकाळ दर्शवतात. धातुसाधितांतही 'इंत', 'आंत', 'ओंत' असा कालभेद आहे. त्यानुसार 'एस्पेरांतो' म्हणजे आशा बाळगत असलेला. पुढे हेच भाषेचे नाव झाले. त्यांची तिन्ही अपत्ये नाझी राजवटीत मारली गेली. भाषा मात्र आजही बोलली जाते.