लिंबास थंडी सोसावयास लावणारे वॉल्टर स्विंगल

आमच्या वणीच्या परिसरांत कोणाच्या परसांत कागदी लिंबाचें झाड दिसलें, तर त्याचें कोणास नवल वाटत नाहीं. उन्हाळ्यांत पारा ४५ अंशांच्या आसपास जातो, तेव्हां त्याच लिंबाचें सरबत आपला जीव थंड करितें. मुळाशीं पाणी असलें म्हणजे हें झाड आपल्याकडचें ऊन सोसतें. परंतु पाणी गोठविणारी थंडी मात्र त्यास मुळींच सोसत नाहीं. कडक हिवाळ्याच्या प्रदेशांत लिंबाच्या जातीचीं झाडें कशीं जगवावीं, या प्रश्नासाठीं ज्यांनीं अनेक वर्षें वेचिलीं, त्या वॉल्टर स्विंगल यांचें चरित्र आज आम्ही वाचकांपुढें ठेवीत आहों.

स्विंगल यांचा जन्म १८७१ सालीं अमेरिकेंतील पेन्सिल्व्हेनिया प्रांतीं झाला. ते लहान असतांनाच त्यांचें कुटुंब कॅन्सस प्रांतांत जाऊन राहिलें. वनस्पतींची आवड त्यांस बालपणापासूनच होती. तेथील शेतकी महाविद्यालयाची पदवी त्यांनीं १८९० सालीं, वयाच्या एकोणिसाव्या वर्षीं, मिळविली व पुढील सालीं ते सरकारच्या शेतकी खात्यांत रुजू झाले. लवकरच त्यांची नेमणूक फ्लॉरिडा प्रांतांतील यूस्टिस या गांवीं झाली. हा प्रांत उबदार असल्यामुळें तेथें संत्र्यांच्या मोठमोठ्या बागा होत्या. स्विंगल यांनीं १८९३ सालीं तेथें निरनिराळ्या जातींचा संकर करण्यास आरंभ केला.

परंतु दैवाच्या मनांत निराळेंच होतें. १८९४ च्या डिसेंबर महिन्याच्या अखेरीस तेथें एकाएकीं कडाक्याची थंडी पडली आणि झाडांवरील फळें गोठून गेलीं. त्यानंतर जानेवारीत हवा पुन्हा उबदार झाली. झाडांत रस चढला, नवी पालवी फुटली, व बागाइतदारांच्या जिवांत जीव आला. इतक्यांत १८९५ च्या फेब्रुवारीत पहिल्याहून घातक अशी दुसरी लाट आली. रसानें भरलेल्या झाडांच्या साली तडकल्या व बागाच्या बागा बुंध्यापर्यंत मेल्या. कित्येक कुटुंबें घरदार टाकून निघून गेलीं. या आपत्तींत स्विंगल यांचे पहिले संकरही नष्ट झाले.

दुसरा एखादा असता तर हताश झाला असता. स्विंगल यांनीं मात्र या नाशांतूनच आपला प्रश्न शोधून काढिला. दुसऱ्या लाटेनें झाडें मेलीं, कारण तीं जागीं झालीं होतीं. जें झाड हिवाळाभर निजून राहील तेंच वांचेल. असें झाड चीन व जपान या देशांत होतें. त्यास त्रिदल संत्रें म्हणतात. त्याचें पान बेलाप्रमाणें तीन दलांचें असतें. हिवाळ्यांत तें पानें टाकून निजतें, व पारा शून्याच्या पुष्कळ खालीं गेला तरी मरत नाहीं. दोष एवढाच कीं, त्याचें फळ फार कडू.

१८९७ सालीं स्विंगल व त्यांचे सहकारी वेबर यांनीं या झाडाचा गोड संत्र्याशीं संकर करण्याचें काम हातीं घेतलें. काम मोठें चिकाटीचें होतें. संत्र्याच्या एकाच बींतून अनेक रोपें उगवतात व त्यांतील बहुतेक हुबेहूब आईसारखीं निघतात. मग खरा संकर ओळखावा कसा? गोड संत्र्याच्या फुलावर त्रिदलाचे पराग घातले असतां ज्या रोपास तीन दलांचें पान येई, तेंच संकराचें, ही खूण त्यांस फार उपयोगीं पडली. या नव्या जातीस सिट्रेंज असें नांव मिळालें. पुढें १९०९ सालीं त्यांनीं कागदी लिंबाचा, थंडींत बराचसा निद्रिस्त राहणाऱ्या कुमक्वात नांवाच्या लहान फळझाडाशीं संकर केला. त्यांतून निपजलेलें लाइमक्वात लिंबाप्रमाणेंच आंबट असून लिंबाहून अधिक थंडी सोसतें.

सिट्रेंजनें थंडी सोसली खरी, परंतु फळांतील कडूपणा गेला नाहीं. बाजारांत त्यास कोणी विचारीना. इतक्या वर्षांचा खटाटोप वायां गेला, असें कोणासही वाटलें असतें. परंतु आपल्या विदर्भांत जंबेरीच्या खुंटावर संत्र्याचा डोळा बांधितात, हें आमच्या वाचकांस ठाऊकच आहे. १९३० नंतर ट्रिस्टेझा नांवाच्या रोगानें, आंबट नारिंगाच्या खुंटावर बांधलेल्या अनेक देशांतील बागा उजाड केल्या. तेव्हां ट्रॉयर व कॅरिझो या सिट्रेंजच्या जाती खुंट म्हणून उत्तम ठरल्या. कॅलिफोर्निया व स्पेन येथील बागांत त्यांचा मोठा उपयोग झाला. ज्याचें फळ कोणी खाईना, तें झाड इतरांच्या गोड फळांस मुळाचा आधार देऊं लागलें.

स्विंगल यांचे उद्योग येवढ्यावरच संपले नाहींत. स्मर्ना जातीच्या अंजिरास फळ धरण्यास एक बारीक माशी लागते. ती १८९९ सालीं त्यांनीं कॅलिफोर्नियांत पोंचती केली. १९२७ सालीं मोरोक्कोहून त्यांनीं मेजूल खजुराचे अकरा फुटवे आणिले. त्यांतील नऊ जगले, व त्यांपासून अमेरिकेंत या खजुराच्या बागा वाढल्या. चिनी शेतीविषयींचें जुनें ज्ञान मिळावें म्हणून त्यांनीं वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय ग्रंथालयासाठीं चिनी ग्रंथांचा मोठा संग्रहही करविला.

लिंबाच्या साऱ्या कुळाचें वर्गीकरण करणारा त्यांचा विस्तृत प्रबंध १९४३ सालीं प्रसिद्ध झाला. आपल्या ओळखीचे बेल व कवठ हेही त्याच कुळांतले. कागदी लिंबास १९१३ सालीं त्यांनीं दिलेल्या शास्त्रीय नांवापुढें स्विंगल हें नांव आजही लिहितात. १९५२ सालच्या जानेवारीत, वयाच्या एक्याऐशींव्या वर्षीं, वॉशिंग्टन येथें त्यांचें देहावसान झालें.

मुलांनो, परसांतील लिंबाचें पान चुरगळून त्याचा वास घ्याल, तेव्हां या शोधकाची आठवण ठेवा. परीक्षेंत वा खेळांत एखाद्या वर्षाचा श्रम फुकट गेला असें वाटेल, तेव्हां फेब्रुवारीच्या थंडीनें ओस पडलेली ती बाग मनांत आणा, आणि तेथें पुन्हा बीं पेरणाराही मनांत आणा.