भक्ती बर्वे

भक्ती बर्वे-इनामदार (१० सप्टेंबर १९४८, सांगली – १२ फेब्रुवारी २००१) या मराठी रंगभूमी, आकाशवाणी, दूरदर्शन आणि चित्रपट या चारही माध्यमांत काम केलेल्या अभिनेत्री होत्या. पु. ल. देशपांडे यांच्या 'ती फुलराणी' (१९७५) या नाटकातील मंजुळा साळुंखे ही त्यांची सर्वांत गाजलेली भूमिका होय. हिंदी प्रेक्षकांना त्या 'जाने भी दो यारों' (१९८३) या चित्रपटातील संपादिका शोभा या भूमिकेमुळे परिचित आहेत. स्पष्ट उच्चार, आवाजावरील हुकमत आणि बोलीतील बारकावे पकडणारा कान ही त्यांच्या अभिनयाची ठळक वैशिष्ट्ये मानली जातात.

प्रारंभीची वाटचाल

भक्ती बर्वे यांचा जन्म सांगलीचा असला, तरी त्यांची कारकीर्द मुंबईत घडली. सुधा करमरकर यांनी मुंबईत सुरू केलेल्या 'लिटल थिएटर' या बालरंगभूमीवरून त्यांनी लहान वयातच नाटकांत काम करण्यास सुरुवात केली. लहान मुलांसाठीची नाटके तोवर बहुधा शाळेच्या स्नेहसंमेलनापुरतीच होत. करमरकर यांनी त्यांना नेपथ्य, प्रकाशयोजना आणि काटेकोर तालमी यांची जोड देऊन व्यावसायिक शिस्त आणली. पुढे मराठी रंगभूमीवर नावारूपाला आलेले अनेक कलावंत या बालरंगभूमीवर घडले. भक्ती बर्वे त्यांपैकी एक होत.

आकाशवाणी आणि दूरदर्शन

रंगभूमीवर नाव होण्यापूर्वी त्यांचा आवाज श्रोत्यांच्या परिचयाचा झाला होता. आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावर त्यांनी निवेदिका म्हणून काम केले. नभोवाणीवर चेहरा, हालचाल, वेशभूषा यांपैकी कशाचाच आधार नसतो. शब्दाचा उच्चार, विराम, श्वास आणि स्वराची उंची एवढ्यावरच ऐकणाऱ्याचे लक्ष टिकवावे लागते. या शिस्तीचा उपयोग त्यांना पुढे रंगमंचावर झाला.

२ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाले. त्यानंतर त्या या केंद्रावर मराठी बातम्या देऊ लागल्या. त्यामुळे एरवी प्रमाण भाषेत संयतपणे बातम्या सांगणारी ही वृत्तनिवेदिका रंगमंचावर अगदी वेगळ्या बोलीत बोलताना प्रेक्षकांना ऐकायला मिळाली. दूरदर्शनवर त्यांनी कवयित्री बहिणाबाई चौधरी यांची भूमिकाही केली. बहिणाबाईंची कविता खानदेशातील बोलीत आहे आणि ती मुळात मौखिक परंपरेतून आलेली आहे. त्यामुळे ही भूमिकाही प्रामुख्याने भाषेच्या अंगानेच साकारण्याची होती.

ती फुलराणी

जॉर्ज बर्नार्ड शॉ यांच्या 'पिग्मॅलिअन' या इंग्रजी नाटकावरून पु. ल. देशपांडे यांनी 'ती फुलराणी' हे नाटक लिहिले आणि त्याचे दिग्दर्शनही केले. रस्त्यावर फुले विकणाऱ्या मंजुळेला शुद्ध बोलायला शिकवून प्रतिष्ठित समाजात खपवून दाखवण्याची पैज भाषेचे प्राध्यापक अशोक जहागीरदार घेतात, हे नाटकाचे कथासूत्र आहे. प्राध्यापकांची भूमिका सतीश दुभाषी यांनी केली होती.

मूळ नाटकातील प्रश्न लंडनच्या वर्गभेदाचा आहे. मराठीत तो प्रमाण भाषा आणि बोली यांच्यातील दरीचा होतो. कोणाचे बोलणे शुद्ध आणि कोणाचे अशुद्ध, हे ठरवणारा वर्ग भाषेसोबत माणसाची किंमतही ठरवत असतो, हा विचार नाटकाच्या विनोदाखाली सतत जाणवत राहतो. म्हणूनच मंजुळेची भूमिका अवघड आहे. आरंभीची तिची बोली थट्टेचा विषय ठरली, तर नाटकाचा तोल जातो, आणि अखेरची शुद्ध भाषा केवळ पाठांतर वाटली, तर तिचे परिवर्तन खोटे ठरते. या दोन टोकांच्या दरम्यान उच्चार थोडाथोडा बदलत न्यावा लागतो. भक्ती बर्वे यांनी हा बदल सांभाळताना मंजुळेचा स्वाभिमान मात्र आरंभापासून अखेरपर्यंत एकच ठेवला. भाषा बदलण्याआधीही ती कमी दर्जाची व्यक्ती नव्हती, हे त्यांच्या अभिनयातून स्पष्ट होत असे.

प्राध्यापकांच्या वागणुकीने दुखावलेली मंजुळा त्यांच्यावर सूड उगवण्याची स्वप्ने रंगवते, ते स्वगत या नाटकातील सर्वांत प्रसिद्ध प्रसंग ठरले. 'पिग्मॅलिअन'वर आधारित 'माय फेअर लेडी' या १९५६ च्या संगीतिकेतील एका गाण्याची आठवण करून देणारा हा भाग आहे. आजही एकपात्री अभिनय स्पर्धांमध्ये हे स्वगत सादर केले जाते. पुढे सुकन्या कुलकर्णी, अमृता सुभाष आदी अभिनेत्रींनी ही भूमिका केली.

अन्य नाटके

'ती फुलराणी'च्या यशानंतर प्रेक्षकांच्या मनात त्यांची प्रतिमा मंजुळेशी जोडली गेली. मात्र त्यांनी त्याच धाटणीच्या भूमिकांपुरते स्वतःला मर्यादित ठेवले नाही. अशोक पाटोळे यांच्या 'आई रिटायर होतेय' या नाटकात त्यांनी आईची भूमिका केली. नोकरदार माणसाला निवृत्ती मिळते, मग घरकामातून आईला ती का मिळू नये, असा प्रश्न हे नाटक विचारते. मध्यमवर्गीय कुटुंबांत हे नाटक विशेष लोकप्रिय झाले.

प्रेमानंद गज्वी यांच्या 'गांधी-आंबेडकर' या नाटकात त्यांनी विदूषकाची भूमिका केली. महात्मा गांधी आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्यातील वैचारिक संघर्षावरील या नाटकात विदूषक दोघांनाही प्रश्न विचारत राहतो. परंपरेने पुरुषाचे मानले गेलेले हे पात्र एका अभिनेत्रीने साकारणे, हे या प्रयोगाचे वेगळेपण होते.

चित्रपट

कुंदन शाह दिग्दर्शित 'जाने भी दो यारों' हा बांधकाम व्यावसायिक, महापालिका अधिकारी आणि वृत्तपत्रे यांच्यातील भ्रष्ट साखळीवरील उपहासपट आहे. त्यात भक्ती बर्वे यांनी 'खबरदार' या नियतकालिकाच्या संपादिकेची भूमिका केली. नसीरुद्दीन शाह आणि रवी बासवानी यांनी साकारलेल्या दोन भाबड्या छायाचित्रकारांना ती भ्रष्टाचार उघड करण्याच्या कामाला लावते; पण हाती आलेल्या पुराव्याचा उपयोग स्वतःच पैसे उकळण्यासाठी करू पाहते. प्रदर्शनानंतर काही वर्षांत या चित्रपटाला अभिजात विनोदपटाचे स्थान मिळाले. चित्रपटांत त्यांनी मोजक्याच भूमिका केल्या. रंगभूमी हेच त्यांचे मुख्य कार्यक्षेत्र राहिले.

वैयक्तिक जीवन आणि पुरस्कार

रंगभूमी, दूरचित्रवाणी आणि हिंदी चित्रपटांतील अभिनेते शफी इनामदार हे त्यांचे पती होत. १३ मार्च १९९६ रोजी त्यांचे निधन झाले. १९९० साली भक्ती बर्वे यांना अभिनयासाठी संगीत नाटक अकादमी पुरस्कार देण्यात आला.

अखेरचा काळ

कारकिर्दीच्या उत्तरार्धात त्या 'पु. ल., फुलराणी आणि मी' हा एकपात्री कार्यक्रम सादर करीत असत. नाटकाचा संच, सहकलाकार आणि नेपथ्य यांच्याशिवाय, केवळ आवाज आणि अभिनय यांच्या बळावर त्या मंजुळा पुन्हा उभी करीत. १२ जून २००० रोजी पु. ल. देशपांडे यांचे निधन झाले. त्यानंतर आठ महिन्यांनी, १२ फेब्रुवारी २००१ रोजी, वाई येथील कार्यक्रमानंतर मुंबईकडे परतत असताना मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर भाताण बोगद्याजवळ त्यांच्या मोटारीला अपघात झाला आणि त्यात त्यांचे निधन झाले. त्या वेळी त्यांचे वय ५२ वर्षे होते.