तळहातावरचे व्रण

विल्यम युअर्ट फेअरबेर्न यांच्या अंगावरील जखमांचे वर्णन त्यांच्या चरित्रात नेहमी येते. पोलिसाच्या दंडांवर, पायांवर, छातीवर सुऱ्याचे व्रण असावेत यात नवल नाही. या गृहस्थांच्या तळहातांवरही ते होते. तळहातावर वार बसतो तो हात रिकामा असताना. येणारे पाते अडवायला दुसरे काहीच नसते, तेव्हा माणूस नकळत पंजा पुढे करतो.

इंग्लंडमधील हर्टफर्डशायर परगण्यात, रिक्मन्सवर्थ येथे २८ फेब्रुवारी १८८५ रोजी त्यांचा जन्म झाला. वय वाढवून सांगून ते किशोरवयातच नौसैनिक दलात शिरले आणि कोरियातील सेऊल येथे ब्रिटिश वकिलातीच्या पहाऱ्यावर राहिले. १९०७ साली त्यांनी शांघाय नगर पोलीस दलात नोकरी धरली. त्या काळचे शांघाय म्हणजे अफू, जुगार आणि टोळ्यांचे बंदर. भूमी चीनची, पण तेथील आंतरराष्ट्रीय वसाहतीचा कारभार परकीयांच्या हाती.

नोकरीच्या आरंभीच्या काळात गस्तीवर असताना गुंडांनी त्यांना गाठले आणि मेला समजून टाकून दिले. रुग्णालयात पडून असताना ओकादा नावाच्या जपानी गुरूची पाटी त्यांच्या दृष्टीस पडली, असे सांगतात. जुजुत्सू शिकवणे आणि हाड बसवणे हे दोन्ही उद्योग त्या पाटीवर होते. आपल्याला ही जोडी परकी वाटू नये. वडोदऱ्याच्या जुम्मादादा व्यायाम मंदिराचे प्रा. माणिकराव शस्त्रविद्येसाठी प्रसिद्ध होते, तसेच हाडवैद्य म्हणूनही. जो सांधा निखळवू शकतो त्यालाच तो बसवता येतो, हे तालमीतले जुने शहाणपण आहे. फेअरबेर्न ओकादांचे शिष्य झाले; पुढे टोकियोच्या कोदोकान संस्थेने त्यांना ज्युदोचा काळा पट्टा दिला.

३० मे १९२५ रोजी याच पोलीस दलाने निदर्शकांवर गोळीबार केला आणि चीनभर संताप उसळला. गोळी झाडणाऱ्यांत चिनी शिपायांबरोबर शीख शिपाईही होते. पंजाबातला शेतकऱ्याचा मुलगा चीनमध्ये इंग्रज अधिकाऱ्याच्या हुकुमावर बंदूक रोखतो, हे चित्र भारतीय वाचकाला सुखावणारे नाही. या प्रकारानंतर दंगलीला तोंड देण्यासाठी जे राखीव पथक उभे राहिले, ते फेअरबेर्न यांच्या हाती आले. पुढच्याच वर्षी त्यांनी ‘डिफेंडू’ हे स्वसंरक्षणाचे पुस्तक प्रसिद्ध केले. त्यात चिनी, जपानी आणि पाश्चात्त्य डावांची सरमिसळ आहे. शोभेचे डाव त्यांनी गाळले. जे गल्लीत उपयोगी पडले तेवढेच ठेवले. त्यांची खात्री अनुभवातून आलेली होती: साडेबारा वर्षांत त्या दलाच्या सशस्त्र चकमकी ६६६ झाल्या.

मग सुऱ्याच्या हल्ल्याविषयी या माणसाने काय शिकवले? रिकाम्या हाताने सुऱ्यापासून बचावण्याचा खात्रीचा उपाय नाही, हे त्यांनी १९४२च्या पुस्तकात उघड मांडले. एका डावात सुरा हिसकावून देणारे शिक्षक तेव्हाही होते, आजही आहेत. व्रण वागवणाऱ्याने तसे आश्वासन दिले नाही. हाताशी खुर्ची असेल तर ती उचला आणि पाय पुढे करून चालून जा, असा त्यांचा सल्ला. त्यासाठी त्यांनी दाखला दिला तो सर्कशीत सिंहासमोर खुर्ची धरणाऱ्या शिकवणाऱ्याचा. छत्र्यांच्या सर्कशीच्या गोष्टी ऐकत वाढलेल्या मराठी माणसाला तो सहज पटावा. हल्लेखोर आणि आपण यांच्यात अंतर राहावे, मध्ये काहीतरी टणक असावे, एवढेच त्यातले मर्म.

१९४०मध्ये ते मायदेशी परतले, तेव्हा पंचावन्न वर्षांचे होते. स्कॉटलंडमध्ये कमांडोंना शिकवायला शांघायचे सहकारी एरिक अँथनी साइक्सही बरोबर होते. पहिल्याच दिवशी हे दोन वयस्क गृहस्थ जिन्यावरून गडगडत खाली आले आणि शस्त्रे रोखून उभे राहिले, ही आठवण शिष्य वर्षानुवर्षे सांगत. इथे शिक्षणाची दिशा उलटली. दोघांनी विल्किन्सन कंपनीकडून निमुळत्या पात्याचा, दुधारी खंजीर घडवून घेतला. १९४१च्या आरंभी पहिली खेप निघाली. कुठली रक्तवाहिनी कापली असता शत्रू किती सेकंदांत कोसळेल याचा तक्ताही फेअरबेर्न यांनी छापला. त्यातले आकडे पुढे चुकीचे ठरले. मला तो तक्ता त्यांच्या लेखनातला सर्वांत नकोसा भाग वाटतो, पण तो काळ हिटलरशी लढण्याचा होता हेही विसरता येत नाही.

पुढे कॅनडा आणि अमेरिकेत त्यांनी हेरांना तयार केले. युद्धानंतर सायप्रस आणि सिंगापूरच्या पोलिसांना शिकवले. साइक्स युद्ध संपताच वारले. फेअरबेर्न २० जून १९६० रोजी, पंचाहत्तराव्या वर्षी, इंग्लंडमध्ये निवर्तले. तो खंजीर ब्रिटिश कमांडोंच्या चिन्हावर आजही आहे, आणि दोघांच्या नावानेच ओळखला जातो.